वासावर विसंबू नकोस

आई,

मी पहाटेच्या पाळीला निघाले. तू नुकतीच झोपली होतीस, म्हणून उठवलं नाही. काल तुझ्यावर ओरडले, चुकलंच माझं. पण घरभर गॅस पसरलेला आणि तू काडी ओढायला निघालेली, हे बघून मी काडेपेटीच हिसकावली. सहा महिन्यांपूर्वीच्या त्या तापापासून तुला कसलाच वास येत नाही, हे मला असं कळावं?

सिलिंडर बंद केलाय, उघडू नकोस. चहा थर्मासमध्ये आहे.

दादा दहाला बाबांना हॉस्पिटलमधून घेऊन येईल. त्यांनी मागितलेली सफरचंदं चिरून, साखर-दालचिनी लावून काचेच्या भांड्यात ठेवली आहेत. वाडग्यातला मैदा, लोणी आणि साखर बोटांनी चुरून वर पसर आणि भांडं विजेच्या ओव्हनमध्ये ठेव. आजवर तू वास सुटला की बाहेर काढायचीस. आज चाळीस मिनिटांचा गजर लाव. कडेने रस बुडबुडायला लागला आणि वरचा थर बिस्किटासारखा तांबूस झाला, की काढ. जाड फडक्यानेच धर.

बाबा दारातूनच म्हणतील, "काय वास सुटलाय!" तेव्हा नेहमीसारखं "हो ना" म्हणू नकोस गं. सहा महिने तेच म्हणत आलीस आणि आम्ही सगळे फसलो. आज त्यांना सांगून टाक. मला जसं कळलं, तसं त्यांना कळायला नको.