पाहुणीच्या दाराला आतून कडी

मी, खाली सही करणारी, टेकडीवरच्या दवाखान्याची निवृत्त शिवणकामवाली, आज माझ्या राहत्या घरी, खिडकीजवळच्या पलंगावर पडून, कोणाच्याही दडपणावाचून हे मृत्युपत्र करून ठेवत आहे. माझं खुब्याचं हाड मोडलेलं आहे, डोकं शाबूत आहे. तसा दाखला टेकडीवरच्या निवृत्त डॉक्टरांनी सोबत जोडला आहे. हात थरथरतो म्हणून मी सांगते आणि डॉक्टरच लिहून घेतात. मजकूर पसंत पडला नाही की ते घसा खाकरतात, पण लिहितात.

माझ्यासोबत राहणाऱ्या पाहुणीकडेही ती शहाणी असल्याचा असाच दाखला आहे. माझ्या भाच्याकडे नाही. (डॉक्टरांनी घसा खाकरला.)

कलम पहिले. हे घर, म्हणजे दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि पुढचा व्हरांडा, मी माझ्या पगारातून घेतलं. वडिलोपार्जित काही नाही, तेव्हा कोणी वाटा मागायला येऊ नये. माझ्यामागे हे घर पाहुणीचं. तिच्या पश्चात ते माझ्या भाच्याला मिळावं, पण ती अखेरपर्यंत इथेच राहिली असेल तरच. तिला दवाखान्याच्या गाडीत बसवून परत टेकडीवर धाडलं, तर घर त्या दवाखान्याला जाईल आणि भाच्याने हात हलवत परत जावं.

अट कडक वाटेल, म्हणून कारण लिहून ठेवते. टेकडीवर मी पहिल्यांदा गेले ती शिवायला नाही, मरायला. छातीचा क्षय होता, लग्नाचं वय होतं. भाऊ म्हणाला, "बरी झालीस की नेतो." तेव्हा तो क्षयाचा दवाखाना होता आणि औषध म्हणजे हवा. लांबच लांब व्हरांडा, समोर भिंतच नाही, थंडीत दात वाजत असतानाही खाटा बाहेर. दूध, अंडी, वजनकाटा आणि थुंकायला झाकणाची डबी. दुपारी बोलायचंसुद्धा नाही, फुप्फुसांना विश्रांती म्हणे! मला गप्प बसवणारी ती जगातली एकमेव जागा. शेजारच्या खाटा रिकाम्या व्हायच्या, आम्ही तिकडे पाहायचं टाळायचो. पुढे सुया आल्या, गोळ्या आल्या, आणि माणसं चक्क बरी होऊन घरी जायला लागली. मीही झाले. आजही मला बंद खिडकीत झोप लागत नाही. मी गेल्यावरसुद्धा ही खिडकी निदान तेरा दिवस तरी कोणी लावू नये.

कलम दुसरे. पांढरा कप, निळ्या काठाचा, कानाजवळ टवका उडालेला, माझ्या वहिनीला द्यावा. बरी होऊन मी भावाच्या घरी गेले, तेव्हा हा कप मला वेगळा ठेवला होता, बाहेरच्या खिडकीच्या कठड्यावर. ताटही वेगळं. मी बरी असल्याचा तिथल्या तेव्हाच्या डॉक्टरांचा कागद दाखवला, तर वहिनी म्हणाली, "कागद असू दे हो, पण कप बाहेरच बरा." मी तो कप उचलला, पिशवी भरली आणि टेकडीवर जाऊन काम मागितलं. वर्षानुवर्षं मी वहिनीला पाण्यात पाहिलं. आता म्हातारपणी कळतं, तिच्या कडेवर तान्हं मूल होतं आणि क्षयाने माणसं पटापट जाताना तिने पाहिली होती. भीती वाटणारच. तर वहिनी, राग गेला. एकदा या कपातून चहा घे, तेवढीच इच्छा. टवक्याची बाजू सांभाळ.

तेच तान्हं मूल म्हणजे माझा भाचा. स्वभावाने वाईट नाही. औषधं आणून देतो, छप्पर गळलं तेव्हा स्वतः वर चढला. पण जगातली प्रत्येक गोष्ट जिथल्या तिथे असावी असं त्याला वाटतं, आणि पाहुणीची जागा टेकडीवर.

कलम तिसरे. माझी मोठी कात्री आणि सुयांची डबी पाहुणीला. क्षयाचे रोगी संपत आले, खाटा ओस पडल्या आणि सरकारने त्याच इमारतीत मनोरुग्णालय आणलं. हवेसाठी जो व्हरांडा उघडा ठेवला होता, त्याला गज बसले. मी तिथेच राहिले, कापड बदललं. आता हुकूम असा की नाडी नको, बटण नको, खिसा नको. रोग्याने स्वतःला इजा करून घेऊ नये म्हणून. नाडीचं मला पटलं. पण खिसा? माणसाला आपलं म्हणून काही ठेवायला चार बोटं जागा नको?

त्या सुमारास पाहुणी आली. तिचं मूल गेलं आणि तिचं बोलणं बंद झालं. नवरा तिला दारात सोडून म्हणाला, "दोन दिवस ठेवा." तिनेही वॉर्डातल्या बायांना तेवढं एकच वाक्य सांगितलं, "मी दोन दिवसांची पाहुणी." नाव तेव्हापासून चिकटलं. मी तिच्या झग्याला आतून खिसा शिवला. तिने त्यात काय ठेवलं असेल? भाकरीचा तुकडा नाही, फूल नाही. माझीच एक चिंधी, घडी घालून. मला रडू आलं, मी मुकादमावर ओरडून घेतलं.

ती कधीच बरी झाली होती. पण नेणारं कोणी नसेल तर सोडता येत नव्हतं, आणि नवऱ्याने पत्ता बदलला होता. त्या 'दोन दिवसां'त माझे केस पिकले, तिचेही. निवृत्त झाले तेव्हा मी या डॉक्टरांसमोर उभी राहिले आणि म्हटलं, "हिला मी नेते."

"नातं काय लिहू?" त्यांनी विचारलं.

"तुम्ही शिकलेले, तुम्हीच सांगा."

त्यांनी खूप वेळ पेन हातात धरलं आणि 'बहीण' लिहिलं. (आत्ता घसा खाकरला नाही. चष्मा पुसताहेत.)

कलम चौथे. पाहुणीच्या खोलीच्या दाराला आतून कडी आहे. शेजारच्या कुलूपवाल्याने ती बसवली. टेकडीवर कड्या बाहेरून असतात. ही कडी कोणीही, कधीही, कुठल्याही सबबीवर काढू नये.

कलम पाचवे. आता जड गोष्ट. पाहुणीला दार लावता येतं, उघडता येत नाही. हाताला काही झालेलं नाही. बंद दारासमोर ती हात बांधून उभी राहते, कोणी उघडेल म्हणून. टेकडीवर तसंच शिकवलं होतं. म्हणून आमची दारं दिवसभर सताड उघडी असतात, आणि सकाळी मी तिच्या खोलीचं दार ढकलून म्हणते, "या बाहेर." कडी तिने एकदाही लावलेली नाही, पण ती आहे हे तिला ठाऊक आहे.

गेल्या थंडीत मी बाजारात गेले असताना भाचा येऊन गेला आणि जाताना पुढचं दार ओढून घेतलं. चांगल्या घरात वाढलेला, दार ओढून घेणारच! मी परतले तर घरभर धूर, दूध करपून पातेलं काळं, आणि ही दाराच्या आत खोकत उभी. संध्याकाळी भाचा म्हणाला, "आत्या, उद्या खरंच आग लागली तर? तुझ्या मागे कोण उघडणार दार? तिथे निदान माणसं तरी आहेत."

मी करपलेलं पातेलं घासत राहिले. जित्याची खोड मेल्याशिवाय जात नाही म्हणतात, आणि मी तर तिच्या आधी जाणार. वरची अट कितीही घट्ट शिवली, तरी एवढ्या एका भोकातून सगळं उसवतं हे मला कळतं.

कलम सहावे. म्हणून माझं शिवणयंत्र कुलूपवाल्याच्या बायकोला. त्याबदल्यात कुलूपवाल्याने रोज सकाळी येऊन पाहुणीच्या खोलीचं दार ढकलावं आणि "या बाहेर" म्हणावं. हुकूम सोडल्यासारखं नको, घरच्या माणसाला हाक मारतात तसं. हे त्याने आजन्म

इथे लिहिणं थांबलं. खासगी काम म्हणून डॉक्टरांनी पुढचं दार आतून कडी घालून लावून घेतलं होतं, ते वाजलं. कुलूपवाला साक्षीला येणार होता. डॉक्टर उठू लागले, तर मांडीवरचे कागद खाली घसरले आणि ते वेचत बसले. मी पलंगावरून ओरडले, "थांब रे बाबा, येतात!" मग माझ्या लक्षात आलं की पाहुणी स्वयंपाकघरातून निघून दारापाशी उभी आहे, हात बांधून. दार पुन्हा वाजलं. तिने माझ्याकडे पाहिलं. मी पडलेली, मला काही करता येत नव्हतं, आणि देवाशपथ सांगते, मी तोंडातून एक शब्दही काढला नाही. डॉक्टर साक्षीला आहेत.

तिने कडी काढली. दार उघडलं. कुलूपवाला उंबऱ्याबाहेर तसाच उभा राहिला, आत यायचं विसरून. तेव्हा पाहुणी बाजूला सरली आणि त्याला म्हणाली, "या ना. आत या."

मी रडले. लिहून घ्या डॉक्टर, लिहा, त्यात लाज कसली!

कलम सहावे याद्वारे रद्द. कुलूपवाल्याने सकाळी यावं ते चहाला, दार वाजवून, आणि ते उघडेपर्यंत बाहेर थांबावं. शिवणयंत्र मात्र त्याच्या बायकोलाच.

याखेरीज माझं काही नाही. वरील मजकूर मला वाचून दाखवला, तो माझाच आहे, डॉक्टरांनी सुधारलेलं शुद्धलेखन सोडून.

स्थळ: माझं घर, उघड्या खिडकीजवळ.
तारीख: आजची. डॉक्टरांनी वर शाईने घातली आहे.

लिहून देणार: (सही, थरथरती) शिवणकामवाली

साक्षीदार पहिला: (सही) टेकडीवरचे डॉक्टर, निवृत्त. लिहून देणार पूर्ण शुद्धीवर आहेत. पाहुणीही.

साक्षीदार दुसरा: (सही) शेजारचा कुलूपवाला. मला दार पाहुणीबाईंनी उघडलं, हे मी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं. कोणी विचारलं तर सांगेन.