गावपळणीतली तारीख

८ जानेवारी
नोटीस आली! सोळा डिसेंबरला लवू कोर्टात हजर नव्हता, म्हणून जामीनपत्र रद्द — रक्कम तुमच्याकडून का वसूल करू नये, ते कळवा. माझ्याकडून! चौतीस वर्षं शाळेत शिकवलं, एक दिवस उशिरा गेले नाही, आणि आता हे. किनाऱ्यावर रापणीचं जाळं ओढताना झालेल्या मारामारीत हा शेजारचा पोर अडकला, आई नाही बिचाऱ्याला, म्हणून जामीनदार म्हणून सही केली होती. जाब विचारला तर मान खाली. "माझां चुकलां, बाई." बस्स, एवढंच! फार राग आला.

१० जानेवारी
भाईचा मुंबईहून फोन. धाकटा भाऊ, पण ओरडतो मोठ्यासारखा. यातून अंग काढून घे म्हणतो, या वयात कोर्टाच्या पायऱ्या कशाला.

मालवणला विनीताकडे गेले. माझीच विद्यार्थिनी, आता वकील. तिने समजावलं — लवूला हजर करायचं, कारण सांगायचं, रक्कम माफ करा म्हणायचं. पुढे जामीन राहायचं नसेल तर मोकळं करा असा अर्ज. मग लवूने दुसरा जामीनदार द्यायचा, नाहीतर तुरुंग. अर्ज लिहून आणलाय. सही राहिली आहे.

११ जानेवारी
सही केली.

१२ जानेवारी
सोनल आली, लवूची बायको. अर्जाचं तिच्या कानावर गेलं होतं. रडली नाही, भांडली नाही. डिसेंबरातल्या गावपळणीचं सांगत बसली. देवाच्या हुकुमाने तीन दिवस सगळं गाव वेशीबाहेर झोपड्यांत, माळावर फोनला रेंज नाही. तिथे लवूला तारखेची शंका आली. कागद घरात, कुलपात. तो बघायला निघाला, तर सगळ्यांसमोर मीच अडवलं — वेस ओलांडायची नाही, तारीख एकोणीस आहे, माझ्या पक्की लक्षात आहे!

खरंच की. मीच म्हटलं होतं.

"तेंनी तुमका सांगूक नाय, बाई. चार माणसांत तुमची मान खाली जायत, म्हणाले."

अर्ज फाडला. भाईला फोन करून सगळं सांगितलं. त्याने ऐकून फोन ठेवून दिला.

१५ जानेवारी
कोर्टात उभी राहिले आणि सांगितलं, चूक माझी. साहेबांनी शांतपणे ऐकलं, रक्कम जवळजवळ सगळी माफ केली. पण जुनं जामीनपत्र गेलं ते गेलंच. नवा जामीनदार हवा — आणि एकदा चुकलेली मी चालणार नाही! एवढ्या घाईत दुसरा कुठून आणायचा? लवूला आत नेलं. जाताना मलाच विचारतो, जेवलात काय. गुणी आहे हो पोर. घरी येऊन खूप रडले.

१७ जानेवारी
लवू घरी आला. भाई कुडाळला उतरला तो थेट कोर्टात, स्वतःच्या घराचे कागद घेऊन. मला विचारलंसुद्धा नाही. मी काही बोलणार, तर म्हणाला, "चूक आमच्या घराची, मगे जामीन पण आमच्याच घराचो."