कावेरीचा गडू

कुंभकोणम्,
वैशाख शुद्ध दशमी, सन १९०२

ती. अण्णास नटराजाचा साष्टांग नमस्कार.

इकडे सगळी बरी आहेत. अम्माचा गुडघा दुखतो, पण गल्लीभर फिरायला तो आड येत नाही. पुण्यास वहिनी नि बाळ सुखी असतील.

तुझं पत्र पोचलं. नेहमीसारखं मीच वाचून दाखवलं. बारशाला पाठवलेला कावेरीचा गडू उघडल्याबरोबर तुला आपल्या घाटाचा वास आला, तू रडलास, बाळाच्या ओठाला पाणी लावलंस, सगळं वाचलं. पुढे तू लिहिलंस, "नटराज जन्मभर नदीकाठी राहिला, पण त्याला ती कळायची नाही." तेही वाचलं. अम्मा म्हणाली, "परत वाच." परत वाचलं. मग तिनं शेजारच्या अंबाबाईला हाक मारली, नि तिसऱ्यांदा.

"बघ अंबा, इतक्या लांबून माझा लेक कावेरी ओळखतो."

मी म्हटलं, "मग मी कोणाचा?"

"तू गप. तुझं ताक झाकून ठेवलंय, पी जा."

आता ऐक. चैत्रात नदीत पाणी कुठलं? वाळूत कंबरभर खणायचं, तेव्हा वाटीभर लागतं. त्यासाठीच अम्मानं मला पाठवलं होतं. मी अंबाबाईच्या विहिरीचं भरलं नि तांबटाकडून गडूचं तोंड बंद करून आणलं. तीच विहीर, जिचं पाणी मचूळ म्हणून तू कधी तोंडात घेतलं नाहीस.

तू ओळखशील, चिडून लिहिशील, मी आठवडाभर हसेन, असं वाटलं होतं. तू तर रडलास. आधी मी हसलोच. मग राग आला. तुला विहिरीतसुद्धा कावेरी मिळते. मी जन्मभर तिच्यात डुंबलो, मला नुसतं ओलं धोतर मिळालं.

अम्माला मी सांगितलेलं नाही. तुला सांगायचं तर सांग. मी इथे नसेन. पापनाशमला जानकीरामांच्या भाताच्या कोठारात काम लागलंय, उद्या निघतो. अम्मा म्हणाली, "चार कोस तर आहे, रविवारी जेवायला येशील." मी म्हटलं, येणार नाही, पत्र धाडीन.

काय धाडू ते मात्र सुचत नाही. काल कागद घेऊन घाटावर बसलो, तुझ्यासारखं काही आठवतंय का बघत. सगळं समोरच, आठवणार काय? लांब गेलं की आठवतं म्हणे. तुला किती दिवस लागले रे, अण्णा? खरं सांग.

तुझा, आजची रात्र अजून घरातच असलेला,
नटराज