बाणातला ण

३ मार्च, सोमवार

घरभर हळद! वर्षाची दळून ठेवलेली, डबाच्या डबा, सगळी परातीत. परात स्पीकरवर. आणि पुष्कर तिच्यावर ओणवा होऊन माईकमध्ये 'ण – ण – ण' करत होता. ण म्हटलं की हळदीत वर्तुळं उठतात, न म्हटलं की विस्कटतात, म्हणे. मला दोन्ही वेळा नुसता पसारा दिसला. ओट्यावर, पडद्यावर, जाईच्या केसांत.

'सुनीती, हे मूर्धन्य-बल आहे! जीभ टाळूकडे वळली की पदार्थही वळतो.' नवरा ज्युनिअर कॉलेजात भौतिकशास्त्र शिकवतो हे सांगायची लाज वाटायला लागली आहे.

जाई परातीत बोट घालून बसली होती. साडेतीन वर्षांची झाली पोर, अजून एक शब्द नाही. नांदेडच्या डॉक्टरांनी कान तपासले, चांगले आहेत. म्हणाले, तिच्याशी बोला. खूप बोला, कसंही बोला. मला तेवढंच लक्षात ठेवायचं आहे. बाकी सगळं गेलं खड्ड्यात.

६ मार्च, गुरुवार

सिद्धांत पुढे सरकला. आपल्याकडे लोक 'पाणी' म्हणत नाहीत, 'पानी' म्हणतात. बाणातला ण सोडला, नळातला न धरला. म्हणून बोअर आटले! भिंतीवर जिल्ह्याचा नकाशा लावलाय. जिथे ण मेला तिथे लाल टिकली – माझ्या पाकिटातली. औंढ्यापासून वारंगा फाट्यापर्यंत सगळं लाल. ओंगळ दिसतं.

शाळेत माझ्या वर्गात पूजाने आज पुन्हा 'पानी' वाचलं. दहा वेळा म्हणायला लावलं. मग ती दिवसभर गप्पच बसली. पण शाळेची गोष्ट वेगळी. मी कुणाच्या जिभेवर बोअरचं खापर फोडत नाही.

९ मार्च, रविवार

इथेच वसमतला, मंगल कार्यालयात पुष्करचं व्याख्यान. हॉल भरला! अध्यक्ष अमृतराव, निवृत्त हेडमास्तर. शाल घालताना म्हणाले, 'सर, बराबर बोलले तुमी! आपल्या लोकायला पानी म्हनता येत न्हाई, मंग पानी लागंल कुठून?'

टाळ्या! कुणाच्याच लक्षात आलं नाही. पुष्करच्याही नाही, त्याने मान लववून शाल घेतली. किळस आली. त्या शालीची, टाळ्यांची, आणि पहिल्या रांगेत बसून हसऱ्या तोंडाने फोटो काढून घेणाऱ्या माझीही.

१२ मार्च, बुधवार

नळ आला. पुष्कर म्हणतो, व्याख्यानाचा परिणाम. नळ दर पाच दिवसांनीच येतो!

१७ मार्च, सोमवार

जनकाबाईला काढलं.

जाई दीड वर्षाची होती तेव्हापासून ती आमच्याकडेच राहून तिला सांभाळतेय. घरची मेंढरंवाली बाई, तोंड दिवसभर चालू. कावळ्याला शिव्या, बकरीच्या गोष्टी, भाजी कशी किडकी आहे ते. जाई तिच्या ओठांकडे टक लावून बघत असते. आणि पुष्कर म्हणाला, 'हिच्या न-मुळे मुलीची जीभ वळत नाहीये.'

ती दारात उभी. 'काहून सर? माहं काय चुकलं? लेकरू ऱ्हाईल का माह्याबिगर?' मग माझ्याकडे वळली. 'बाई, तुमी तरी सांगा.'

मी म्हणाले, 'थोडे दिवस जाऊ दे, जनकाबाई.'

थोडे दिवस! थू माझ्यावर. जाई खिडकीचा गज धरून संध्याकाळपर्यंत उभी होती.

२१ मार्च, शुक्रवार

शाळेतून लवकर आले. पुष्करच्या मांडीवर जाई, तिच्या तोंडात चमच्याचा दांडा. जीभ मागे वळवत होता! 'ण म्हण, जाई. ण.' हनुवटीवरून लाळ, डोळ्यांतून घळाघळा पाणी, पण आवाज नाही. रडायचाही आवाज नाही!

चमचा हिसकावून अंगणात फेकला. तो शांतपणे म्हणाला, 'थोडा त्रास होणारच, सुनीती.' या माणसाच्या ताटात मी रोज वाढते! म्हटलं, यापुढे पोरीच्या तोंडाला हात लावलास तर तिला घेऊन औंढ्याला भावाकडे जाईन, परत येणार नाही. खरंच जाईन हे त्याला कळलं असावं. परात उचलून खोलीत गेला.

२३ मार्च, रविवार

जाईला घेऊन सकाळच्या बसने वारंगा फाट्याला, तिथून ऑटोने जनकाबाईच्या गावी. ती मेंढरांना पाला टाकत होती. मला बघून हसली नाही. मी माफी मागितली.

'यीन मी,' म्हणाली, 'पर मला बोलूच देनार न्हाई तं यिऊन काय करू?'

'तू बोल. कसंही बोल. माझ्या घरात तुला आणि जाईला कुणी टोकणार नाही.' शब्द दिला.

जाई तिच्या कडेवर चढली ती उतरेचना. परतीच्या बसमध्येही नाही.

३० मार्च, रविवार

पाडवा. पुष्कर घरात बोलणंच सोडून बसलाय, जेवून खोलीत जातो. दिवसभर फक्त जनकाबाईचा आवाज. जाई तिच्या मागे मागे ओठ हलवते! नकाशा काढून टाकला. टिकल्यांचा डिंक भिंतीला चिकटलाय, तो काही निघत नाही.

२ एप्रिल, बुधवार

जाई बोलली!

जनकाबाई माठातून तांब्या भरत होती. जाईने तिचा पदर ओढला आणि अगदी स्पष्ट म्हणाली, 'पानी.'

जनकाबाई रडायलाच लागली. मी धावले, जाईला उचललं, मुका घेतला आणि तोंडातून निघून गेलं – 'पाणी, बाळा. बाणातला ण. म्हण, पाणी!'

तिने माझ्या ओठांकडे पाहिलं. मग स्वतःचे मिटून घेतले.

आता दिवस मावळला. अजून बोललेली नाही. जनकाबाईही नाही.

पुष्कर आज घरात नव्हताच.