उचललेल्या लकबींची परतफेड

मी, जयंत भास्कर रहाळकर, वय वर्षे चौऱ्याहत्तर, जन्म नागपूरचा, पासपोर्ट अमेरिकेचा, राहणार पिनर, लंडन, व्यवसाय चरित्र अभिनेता, हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीत, कोणाच्याही दडपणाशिवाय आणि सकाळच्या दुसऱ्या चहानंतर लिहीत आहे. यापूर्वीचे मृत्युपत्र असल्यास ते रद्द समजावे. ते नाहीच, पण असे लिहावे लागते. पुढच्या महिन्यात माझ्या हृदयाची एक झडप बदलायची आहे. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "काळजी करू नका, रुटीन आहे." हेच वाक्य मी दोन मालिकांत हार्ट सर्जन म्हणून बोललो आहे आणि दोन्ही वेळा पेशंट गेला. म्हणून हा खटाटोप.

आमची सॉलिसिटर निधी हिचा मराठीला विरोध होता. "काका, कोर्टाला इंग्लिश लागेल. आणि हे साइड कॉमेंट्स कशाला?" भाषांतर ती करून घेणार आहे. साइड कॉमेंट्ससकट.

कलम एक. पिनरचे घर आणि बँकेतले खाते माझ्या व पत्नी मंजिरीच्या संयुक्त नावावर आहे. माझ्यामागे ते आपोआप तिचे होते, त्यासाठी या कागदाची गरज नाही. सबब, या मृत्युपत्राने मंजिरीला काहीही मिळत नाही. हे वाक्य मी मोठ्याने वाचले तेव्हा स्वयंपाकघरातून "काय?" असे आले. तिची माझ्याविरुद्ध एक जुनी तक्रार आहे, तिचे उत्तर मी आजवर दिलेले नाही. ते कलम सहामध्ये देत आहे.

कलम दोन. माझ्या एकट्याच्या नावावर जे काही आहे आणि इतर कोणाला दिलेले नाही, ते सर्व मुलगी मालविका, राहणार बर्मिंगहॅम, हिला. अपवाद ड्रिल मशीनचा. ते शेजारी संजय गोखले यांना, कारण गेली आठ-नऊ वर्षे ते त्यांच्याच शेडमध्ये आहे.

कलम तीन. मेकअपची पत्र्याची पेटी, दाढ्या-मिश्यांसह, आमच्या मराठी मंडळाच्या नाटकवाल्यांना. मिशीला डिंक नीट लावावा. गेल्या गणपतीच्या नाटकात सासऱ्याची मिशी बटाटेवड्यात सापडली.

या पेटीवर माझे आयुष्य चालले. मी शिकागोला सिव्हिल इंजिनिअर व्हायला गेलो होतो. कॉलेजच्या नाटकाचा सेट ठोकून देत असे. प्रयोगाच्या दिवशी शेरीफ झालेला मुलगा आजारी पडला आणि त्याचे संवाद फक्त सुताराला पाठ होते. सुतार मी. त्यानंतर पूल बांधायचे राहून गेले. माझा चेहरा कुठला ते अमेरिकेत कोणाला कळेना, म्हणून मी ग्रीक खानावळवाला, इराणी औषधविक्रेता, मेक्सिकन पाद्री, इटालियन न्हावी असा सगळा झालो; अमेरिकन मात्र कोणी होऊ दिले नाही. मंजिरी लंडनची दातांची डॉक्टर. तिच्याशी लग्न करून इथे आलो, तर माझे उच्चार ऐकून इथल्या लोकांनी मला सिनेटर, जनरल आणि बिशप केले. अमेरिकन व्हायला मला इंग्लंडला यावे लागले, यावर मी आजही हसतो.

कलम चार. धाकटा भाऊ अनुप, राहणार नागपूर. माझे प्रत्येक काम पाहून तो फोनवर एकच प्रश्न विचारतो, "दादा, तू दिसतोस किती वेळ?" त्याला एक पेनड्राइव्ह द्यावा. त्यात मी पडद्यावर जितक्या वेळा मेलो ते सगळे प्रसंग एकापाठोपाठ आहेत: विष, बाँब, न्यूमोनिया, आणि एकदा अंगावर पियानो पडून. एकूण चांगला पाऊण तास दिसतो. चिवडा त्याने स्वतःचा आणावा.

कलम पाच. आता परतफेड. माझी कामाची पद्धत अशी, की कोणतीही भूमिका आली की ओळखीच्या माणसाची एक लकब उचलायची आणि तिच्याभोवती माणूस उभा करायचा. कोणाला विचारत नसे. विचारले की माणूस ती लकब जपून करू लागतो आणि ती मरते. तरी आता मालकांना माल परत करतो. संजयचा खोटे बोलण्याआधीचा बारीक खोकला मी सिनेटरला दिला होता. टीव्हीवर पाहून तो आमच्या दारात उभा राहिला. "जयंता, हा माझा खोकला आहे!" आणि हे सांगण्याआधी खोकला. मालविका शाळेत असताना रागावली की बाहीचे टोक चावायची, ते मी एका गुन्हेगाराला दिले. "बाबा, सो एम्बॅरसिंग! तो माझा सवय आहे!" ती दोन दिवस बोलली नाही. दोघांचेही साभार परत. माझ्याकडून झीज झालेली नाही.

एक मात्र परत करता येत नाही. माझे वडील वर्तमानपत्र वाचून झाले की नखाने दाबून पहिल्यासारखी घडी घालत, जणू अजून कोणी वाचलेच नाही. ते मी एका न्यायाधीशाला दिले. काम गाजले. पुढे वडील गेले, आणि त्यांना आठवायला बसलो की वर्तमानपत्र घेऊन काळ्या झग्यातला तो न्यायाधीशच येऊन बसतो. अजून येतो. मला त्याचे फार वाईट वाटते.

कलम सहा. मंजिरीची तक्रार. ती म्हणते, "सगळ्या पिनरचं उचललंस. मोलकरणीचं, चर्चमधल्या व्हिकारचं, माझ्या आईचंसुद्धा. माझ्यात काहीच नाही का रे घेण्यासारखं? तीस वर्षं समोर बसलेय." हे ती हसत म्हणते, पण दर नव्या कामानंतर म्हणते, आणि प्रीमियरला माझ्याशेजारी बसून स्वतःला शोधत असते, हे मला अंधारातही कळते.

मंजिरी, आमटीची चव घेताना तू रेडिओ बंद करतेस. घराबाहेर पडताना रिकाम्या घराला "येते हं" म्हणतेस. चुकीचा नंबर लागला तर त्या माणसाची चौकशी केल्याशिवाय फोन ठेवत नाहीस. यातल्या एकेकावर मला बक्षीस मिळाले असते. दोनदा भूमिका अडली होती आणि तुझे काहीतरी अगदी ओठांवर आले होते. दोन्ही वेळा दिलेले नाही. वडिलांच्या बाबतीत जे झाले ते तुझ्या बाबतीत झालेले मला चालणार नाही. माझ्या डोळ्यांसमोर तू यावीस, तुझा वेष केलेले दुसरे कोणी नको. जे कोणाला विकले नाही ते एवढेच, आणि म्हणून इथे परत करण्यासारखे काही नाही.

आता सह्यांचे. सह्या करायला मी रविवारी संजयसकट चौघांना मिसळीला बोलावले होते. निधीने व्हिडिओ कॉलवर कपाळाला हात लावला. "काका, ज्याला काही मिळतं तो विटनेस नाही होऊ शकत." संजय म्हणाला, "खोकला मिळाला म्हणून?" निधी म्हणाली, "खोकला प्रॉपर्टी नाही, काका. ड्रिल आहे." बाकी तिघे मंडळाच्या नाटकातले, निधी त्यांनाही नको म्हणाली. चौघांनी मिसळ खाल्ली आणि गेले. साक्षीदार दोन लागतात; एक नव्या शेजारीणबाई मिळाल्या, दुसऱ्यासाठी या कागदाने काही न मिळणारे घरात एकच माणूस उरले. निधी म्हणाली, चालेल, पण मी ॲडव्हाइस नाही करणार. मी तिचा ॲडव्हाइस ऐकला नाही.

साक्षीदाराने मजकूर वाचायची गरज नसते. मंजिरी म्हणाली, "वाचल्याशिवाय मी पार्सलवरसुद्धा सही करत नाही." तिने बसून सगळे वाचले आहे. चष्मा पुसला, कलम सहा पुन्हा वाचले, आणि पेन माझ्या हातात देऊन म्हणाली, "कर."

ठिकाण: पिनर
दिनांक: रविवार, १६ मार्च २०२५

सही: जयंत भास्कर रहाळकर

साक्षीदार पहिली: रश्मी फाटक, नव्या शेजारीणबाई. गेल्याच महिन्यात राहायला आल्या, त्यामुळे त्यांचे काही उचलायला मला वेळ मिळालेला नाही.
सही: रश्मी फाटक

साक्षीदार दुसरी: मंजिरी जयंत रहाळकर. जयंतने आमच्या दोघींच्या समोर सही केली. त्या वेळी त्याच्या अंगात दुसरे कोणीही नव्हते. मी बघत होते.
सही: मंजिरी रहाळकर