मागच्या भिंतीजवळची उखळणी

बेलवली, बदलापूर (पश्चिम)
रविवार, १२ जानेवारी २०२५

प्रिय दादा,

पाकिटावर माझं अक्षर बघून तुला पहिला आईचाच विचार आला असेल, म्हणून आधीच सांगते, आई बरी आहे. गुडघे सोडले तर तक्रार नाही. मुकेशची या महिन्यात एमआयडीसीत सेकंड शिफ्ट आहे. आमची वैष्णवी आठवीत आहे. तू तिला शेवटचं पाहिलंस तेव्हा दुसरीत होती, आता माझ्यापेक्षा उंच झालीय. वहिनींना नमस्कार सांग.

बाबांच्या दिवसांत आपण भांडलो आणि तू रोह्याला निघून गेलास, त्याला सहा वर्षं होतील. तेवढ्या वर्षांत मी तुला एक फोनही धड केला नाही. आताही करता आला असता. पण फोनवर बोललेलं कुणाकुणापर्यंत जातं काय माहीत, म्हणून पत्र.

माझी शाळा चिखलोलीला आहे, बाबांनी संस्थेला विकलेल्या आपल्याच शेतावर, हे तुला ठाऊक आहे. यंदा शाळेच्या परसबागेचं काम माझ्याकडे आलं. मराठीच्या बाईंना बागेतलं काय कळतं, म्हणून स्टाफरूममध्ये हसले सगळे. मी म्हटलं, हिरामण शेतकऱ्याची मुलगी आहे मी.

कुदळ हातात देण्याआधी सहावीच्या मुलांना एक काम दिलं. पुस्तकात ‘मशागत’ हा शब्द आहे. पेरण्याआधी माती खालीवर करतात त्याला तुमच्या घरी काय म्हणतात, ते आजी-आजोबांना विचारून या. काय मजा आली सांगू! देशावरच्या पोरांनी नांगरट आणली, वखरणी आणली. उल्हासनगरहून येणारी एक सिंधी मुलगी म्हणाली, “टीचर, हमारे घर में गुडाई बोलते हैं.” इथल्या गावातल्या दोघींनी ‘उखलनी’ आणली, अगदी आईच्या उच्चारात. मी फळ्यावर उखळणी लिहिलं आणि बाबा सांगायचे तसं सांगितलं. उखळणी म्हणजे नुसतं खणणं नाही, ती पहिली नांगरट. खालची माती वर आणायची आणि तिला ऊन दाखवायचं. मग आडवी बेरणी, म्हणजे दुसरी नांगरट. एकीने विचारलं, “बाई, माझी आजी भांडताना म्हणते, जुनं उखलू नको. तो हाच शब्द?” मी म्हटलं, हाच.

गुरुवारी मुलांनी मागच्या भिंतीजवळ खणायला घेतलं. दीड-दोन फुटांवर एक निळं प्लॅस्टिकचं पिंप लागलं. मैत्रेयी म्हणून एक मुलगी आहे, तिची कुदळ त्याच्यावर बसली. आतलं काहीतरी तिच्या पायावर उडालं. थोडं लागलंय. बरी होईल.

तुला काही आठवतं का? बाबांनी शेतात जुनं पिंप वगैरे कधी पुरलं होतं का? आठवलं तर लगेच कळव. असंच विचारते.

तुझी
सोनी


बेलवली
गुरुवार, १६ जानेवारी २०२५

दादा,

रविवारचं पत्र मिळालं असेल. त्यात मी खोटं लिहिलं. पिंप कोणी पुरलं ते मला माहीत आहे, आणि मला माहीत आहे हे तुलाही माहीत आहे.

एप्रिल २०१३. बाबांचा डबा घेऊन मी दुपारी शेतावर आले, तर बाबा नव्हते, तू होतास. तू ज्याच्याकडे कामाला होतास त्या राजेंद्रशेठचा टेम्पो बांधाला लावलेला, खड्डा खणून तयार, आणि तू आणि दुसरा एक माणूस निळी पिंपं गडगडवत आणत होतात. मी ओढणी नाकाला लावली. तू म्हणालास, “साबणाचं पाणी आहे गं, शेठच्या गोडाऊनमधलं. बाबांना बोलू नकोस.” साबणाच्या पाण्याने दोन दिवस डोकं दुखत नाही, दादा. त्यानंतर त्या महिन्यात आणखी दोनदा मी तो टेम्पो तिथे पाहिला. वहिनी तेव्हा पोटुशी होत्या. मी ठरवलं, आपण काही बघितलं नाही.

बाबांना काहीच कळलं नाही. जमीन विकली होती, पण बांधकाम सुरू होईपर्यंत ती कसत राहा, असं संस्थेने सांगितलेलं. त्या पावसाळ्यात मागच्या पट्टीत भात पिवळं पडून बसलं. बाबांना वाटलं, आपलीच उखळणी कमी पडली. पुढच्या वर्षी त्यांनी ती पट्टी तीनदा उखळली. अनवाणी. त्यांच्या पायांच्या जखमा मग कधी भरल्याच नाहीत. डॉक्टर म्हणाले, साखर आहे, साखरेमुळे. मी ते वाक्य घट्ट धरून ठेवलं. त्यांच्या दिवसांत मी तुझ्याशी भांडले ते जमिनीवरून नाही. मला हे बोलायचं होतं आणि बोलवत नव्हतं, म्हणून दुसरं काहीतरी बोलत सुटले.

आता ऐक. मैत्रेयीला थोडं लागलेलं नाही. डाव्या पायाचं पाऊल घोट्यापर्यंत जळलंय. पाणी ओतत होते तरी कातडी सुटत होती. मांडीची कातडी काढून लावावी लागणार आहे. डॉक्टरांनी मला दोनदा विचारलं, “मॅडम, कोणतं केमिकल होतं ते कळू शकेल का? उपचाराला मदत होईल.” मी म्हटलं, कुणाला माहीत. तिची आई माझा हात धरून म्हणाली, “तुमी होता म्हणून लवकर आणली.” दादा, मला तिथून पळून जावंसं वाटलं.

आणि सगळ्यात वाईट ते अजून सांगितलंच नाही. बागेसाठी मी गेटजवळची जागा धरली होती, मुद्दाम. मोठे सर म्हणाले, तिथे पार्किंग होणार, मागच्या भिंतीजवळ घ्या. मी म्हटलं, “तिथे दगड फार आहे सर.” ते म्हणाले, “मग उखळून काढा, शब्द तुम्हीच शिकवलात ना!” सगळे हसले. मीही हसले. तेव्हा एक वाक्य बोलायचं होतं फक्त. बारा वर्षांत तिथलं सगळं जिरून गेलं असेल, असं मनाशी म्हणत मी मुलांना रांगेत उभं केलं.

शाळेची बोअर त्या भिंतीपासून तीस पावलांवर आहे. चारशे मुलं ते पाणी पितात. शुक्रवारी मी सगळ्यांच्या आधी शाळेत गेले आणि मोटरची वायर पक्कडीने तोडली. मोटर जळाली म्हणून सांगितलं. आता टँकर येतोय. पण वायर उद्या कोणीही जोडेल.

काल दुपारी एक माणूस घरी आला. मी पोळ्या करत होते. दारातूनच म्हणाला, “हिरामणची मुलगी ना तुम्ही? चांगला माणूस होता. जितेश कुठे असतो आजकाल?” मी म्हटलं, माहीत नाही, आमचं येणंजाणं नाही. तो म्हणाला, “बरंय. शाळेत काय सापडलं म्हणे. जुनी भानगड आहे, कोण कशाला सांगेल.” मग चप्पल घालता घालता, “तुमची वैष्णवी साडेपाचला सुटते ना?” हसला आणि गेला. तव्यावरची पोळी काळी होईपर्यंत मी तिथेच उभी. वैष्णवीला आता मुकेश आणतो, शिफ्ट बदलून. त्याला मी फक्त म्हटलं, हल्ली रस्ता खराब आहे.

सोमवारी, वीस तारखेला सकाळी अकरा वाजता सरकारी माणसं जेसीबी घेऊन येणार आहेत. त्यांना वाटतंय, एकच पिंप आहे. जेसीबीचं बकेट दुसऱ्या पिंपात घुसलं तर? त्या दिवशी शाळा बंद ठेवा म्हटलं, तर सर म्हणाले, परीक्षा तोंडावर आहेत.

म्हणून मला तीन गोष्टी हव्यात. किती होती, कुठे कुठे होती, आत काय होतं. चिठ्ठीवर लिहून पाठव, नाव टाकू नकोस हवं तर.

आणि हे तुला आधी कळावं म्हणून सांगते. तुझं उत्तर येवो न येवो, रविवारी मी सरांच्या घरी जाऊन काय पाहिलं ते सांगणार आहे. तुझं नाव घेऊन. माझंही. मला फार भीती वाटते, दादा. त्या माणसाची वाटते, पोलिसांची वाटते, आईला कळेल त्याची वाटते. पण सकाळी शाळेच्या नळावर बाटल्या घेऊन उभी असलेली पोरं बघते ना, तेव्हा वाटते तशी कशाचीच वाटत नाही.

सोनिया


बेलवली
रविवार, ९ फेब्रुवारी २०२५

प्रिय दादा,

हे पत्र वकिलांच्या हाती देते आहे. तुला वाचायला देतात की नाही कोण जाणे, तरी लिहिते.

त्या सोमवारी तू येशील असं मला वाटलं नव्हतं. आदल्या दिवशी सरांना सगळं सांगून झालं होतं. त्यांचा चेहरा उतरला, पण त्यांनी शाळेला सुट्टी दिली. सकाळपासून मी गेटला धरून उभी होते. साडेदहाला रिक्षातून तू उतरलास. केस पांढरे झालेत तुझे. सरळ सरकारी साहेबांकडे गेलास आणि म्हणालास, “मशीन थांबवा. मीच पुरलेत. जागा दाखवतो.”

बुजवलेल्या विहिरीच्या कोपऱ्यापासून तू पावलं मोजत निघालास, आणि मैदान आखायची फक्की हातात घेऊन एकेका जागी टाकत गेलास. मी मनात मोजत होते. मला वाटलं होतं चार, फार तर पाच. तू अकरा जागा दाखवल्यास. शेवटच्या दोन बालवाडीच्या घसरगुंडीजवळ. मी तिथे मातीतच बसले.

अकराही निघाली. चार फुटलेली. तू सांगितलंस ते रंगाच्या कारखान्यातलं ॲसिड होतं, आणि टेम्पो कुठून भरायचास तेही सांगितलंस. ते डॉक्टरांपर्यंत पोचलं. मैत्रेयीचं ऑपरेशन झालं. वॉकर धरून चार पावलं टाकते. मी भेटायला गेले तर तिच्या वडिलांनी दार उघडलं, म्हणाले, “बाई, तुम्हाला माहीत होतं.” आणि लावून घेतलं. त्यांचं काही चुकलं नाही.

बोअर सील केली. पाण्याचा रिपोर्ट वाईट आहे. मुलांचं रक्त तपासायला नेलंय, रिपोर्ट यायचेत. रोज सकाळी मोबाईल वाजला की वाटतं, रिपोर्टचाच फोन असेल. चौकशी होईपर्यंत मला शाळेत येऊ नका म्हणून सांगितलंय. राजेंद्रशेठ अजून सापडलेला नाही. आमच्या गल्लीच्या तोंडाला एक पोलीस खुर्ची टाकून बसतो. मुकेशला सगळं सांगितलं. तो रागावला नाही. म्हणाला, “बारा वर्षं एकटीने कसं गं?” एवढंच, आणि आत जाऊन कडी लावून बसला.

आईला मीच सांगितलं. ती ऐकत राहिली. मग म्हणाली, “बापाच्या पायाखाली पुरलंन त्यानं?” पण काल तिने तुझ्यासाठी स्वेटर काढून ठेवलाय, धुऊन. तो पाठवते आहे. आत देतात का विचारलंय.

त्या दिवशी पोलिसांच्या गाडीत बसताना तू मला विचारलंस, “सोने, बाबांचे पाय त्याच्यामुळेच का गं?” मी नंतर डॉक्टरांना विचारलं. ते म्हणाले, आता सांगता येणार नाही. मला खरं काय ते माहीत नाही, दादा. तुला बरं वाटावं म्हणून साखरेमुळे असं लिहिणार नाही, आणि तुला जाळावं म्हणून दुसरंही लिहिणार नाही. हे आपल्याला दोघांनाही असंच घेऊन राहायचंय.

माझा जबाब झाला. मी जे पाहिलं ते सांगितलं, जे लपवलं तेही सांगितलं. पुढे कोर्टात उभं राहावं लागेल. वकील म्हणतात, बहीण आहात, घाबरून जाऊ नका, विचारतील तेवढंच बोला. तू समोर असशील. आरोपीला ओळखता का, असं मला विचारतील, आणि तेव्हा आवाज फुटेल की नाही याची मला आत्तापासून धास्ती आहे. तरी बोलेन. तुझ्याकडे बघून सांगेन, हो, ओळखते, हा माझा भाऊ आहे.

सोनिया हिरामण