कपाट नंबर सातचा नवा वाचक

तीर्थरूप ताईच्या पायांवर, तिच्या धाकट्या आणि (तिच्याच मते) अकलेने त्याहून धाकट्या भावाचा डोकं टेकवून नमस्कार, वि. वि.

इकडे आम्ही दोघं हातीपायी धड आहोत. तिकडे तुझे गुडघे काय म्हणतात? भाची वेळेवर घरी येते का? जावईबापू अजून जेवताना फोनमध्येच बघतात का? (नाही सांगितलंस तरी चालेल, मला माहीत आहे.) दाजी गेल्यावर लेक तुला चार महिने हवापालट म्हणून घेऊन गेली, त्याला आता दोन वर्षं होऊन वर काही महिने झाले. एवढ्यात हवाच कंटाळून बदलली असेल. फोन केला की तू म्हणतेस, "बरं आहे सगळं." मी म्हणतो, "इकडेही बरं आहे." मग दोघं आपापल्या टोकाला फोन धरून गप्प बसतो. म्हणून हे पत्र. घाबरू नकोस, मला तुझ्याकडून काही नको. फक्त एक बातमी कळवायची आहे, ती बसून वाच: मी पुस्तकं वाचायला लागलो आहे.

हसून झालं असेल तर पुढे सांगतो. आयुष्यभर लोकांना वाचायचे चष्मे करून दिले आणि स्वतः दुकानाच्या पाटीपलीकडे काही वाचलं नाही, हे तू चारचौघांत सांगायचीस आणि ते खरंच होतं. पण झालं काय, आपल्या वाचनालयात नव्या ग्रंथपालबाई आल्या. वयाने भाचीएवढ्या, शिस्तीत आपल्या वडिलांच्या वरताण. चष्म्याची काडी सैल झाली म्हणून दुकानात आल्या आणि बोलता बोलता म्हणाल्या की ज्या पुस्तकाच्या मागच्या चिठ्ठीवर दोन वर्षांत तारखेचा शिक्का पडला नाही, ते वर्षअखेर रद्दीत जाणार. सगळ्यात आधी कपाट नंबर सात. संस्कृती, समाज आणि इतिहास. तू गेल्यापासून तिकडे माशीसुद्धा फिरकली नाही म्हणे. माझ्या हातातला स्क्रू खाली पडला (तो अजून सापडलेला नाही, बाईंना दुसरा लावून दिला). त्या कपाटातल्या एकूण एक पुस्तकात तुझी पेन्सिल फिरली आहे, हे त्यांना कुठे ठाऊक! "पुस्तकात लिहू नये" हा फलक बरोबर तुझ्या डोक्यावर होता, आणि तू त्याच्याखाली बसून पानांचे समास भरत होतीस. तुझं अक्षर आता इथे दुसरीकडे कुठे राहिलंय? घर आवरताना भाचीने वह्या टाकून दिल्या, आणि मला तू कधी पत्र लिहिलं नाहीस, कारण मी चार घरं सोडून राहत होतो. ते कपाट गेलं तर तुझं माझ्याकडे काहीच उरत नव्हतं, एवढी सरळ गोष्ट.

पुस्तकं निघाली एकशे अठरा. एका कार्डावर दोन मिळतात. माझं कार्ड काढलं, तुझ्या भावजयीचं काढलं, आणि चार चार पुस्तकं आणून आठ दिवसांनी न उघडता परत करायला लागलो. शिक्का पडला की काम झालं. पण बाई काही कच्च्या गुरूच्या चेल्या नाहीत. तिसऱ्याच खेपेला त्यांनी टेबलावर एक वही ठेवली. परत केलेल्या प्रत्येक पुस्तकावर चार ओळी अभिप्राय लिहायचा, नाहीतर शिक्का नाही. मी लिहिलं, "पुस्तक उत्तम. कागद जाड. बांधणी मजबूत. अक्षर ठळक असल्याने साधा चष्मा पुरतो." बाईंनी वाचलं, माझ्याकडे बघितलं आणि म्हणाल्या, "काका, आत काय आहे?" ताई, साठी उलटल्यावर कोणी असं विचारलं की कान आपोआप गरम होतात.

मग काय, घातली मान आणि लागलो वाचायला. मिठाचा इतिहास वाचला. रस्त्यांचा वाचला. दाढीमिशांचा एक होता, तो आरशासमोर उभं राहून वाचला. लोक पाहुण्याला कुठवर पोचवायला जातात यावर एका गृहस्थाने चारशे पानं लिहिली आहेत, आणि तीनशेव्या पानावरही पाहुणा उंबऱ्यातच उभा! तुरुंगांचा इतिहास आणि विवाहसंस्थेचा इतिहास एकाच आठवड्यात आणले ही माझी चूक. घाईत एकाचा अभिप्राय दुसऱ्याखाली गेला. त्यामुळे विवाहसंस्थेखाली, तुझ्या भावजयीच्या नावावर, असं नोंदलं गेलं की आत शिरणाऱ्याला बाहेर यायला पूर्वीही सोपं नव्हतं, पण हल्ली जेवणात थोडी सुधारणा दिसते. वही सगळ्यांसाठी उघडी असते. शेजारणीने वाचून घरी येऊन सांगितलं. दोन दिवस मी खाली मान घालून जेवलो आणि सुधारणेबद्दल चकार शब्द काढला नाही.

पण खरी गंमत तुझ्या पेन्सिलीची. छापलेलं वाचताना मला डुलकी लागायची, आणि समासात तुझं अक्षर दिसलं की खडबडून जागा व्हायचो. एका लढाईत वीस हजारांचं सैन्य नदीकाठी उतरलंय, तिथे तू लिहिलंयस, "यांचा स्वयंपाक कोणी केला?" एक थोर लेखक घरकामाला सोपं म्हणतो, तिथे, "याला एक दिवस माझ्या घरी पाठवा." राजांच्या वंशावळीवर, "आया कुठे गेल्या?" मी एकटा दुकानात मोठ्याने हसायचो आणि गिऱ्हाईक आपला चष्मा काढून माझ्याकडे बघायचं. आणि दर दहा-वीस पानांनी, कुठे लहान अक्षरात, कुठे दोनदा खाली रेघ मारून: "हे ठोंब्याला सांगायचं."

तू सांगितलंसही, ताई. रोज संध्याकाळी पाच वाजता दुकानात यायचीस, गिऱ्हाइकाच्या स्टुलावर बसायचीस आणि मीठ, रस्ते, राजे, सगळं हातवारे करून सांगायचीस. मी काडीत स्क्रू बसवत "हं" म्हणायचो. मधेच "असं?" म्हणायचो. आज कबूल करतो, त्यातलं मी काहीही ऐकत नव्हतो. तीस वर्षं. तुला कळत असणार, कारण तू एकच गोष्ट कधीकधी लागोपाठ दोन दिवस सांगायचीस आणि मी दोन्ही दिवस "असं?" म्हणायचो. आता पाच वाजले की हात थांबतात. स्टूल रिकामंच आहे असं नाही, लोक बसतात, पण त्यांना फक्त नंबर वाढल्याची काळजी. पाहुण्यांच्या त्या पुस्तकातलं मला तुझ्याशी भांडायचं आहे. मला मिठाबद्दल बोलायचं आहे. घरी मिठाचं नाव काढलं की तुझी भावजय म्हणते, "कमी पडलंय का?" फार आठवण येते तुझी. हे फोनवर बोलता येत नाही, तोंडातून "बरं आहे"च निघतं.

असो. बातमी संपवतो. परवा एकशे अठराव्या पुस्तकावर शिक्का पडला. बाईंनी अभिप्राय वाचून पहिल्यांदाच मान डोलावली आणि कपाट नंबर सात आहे तिथेच राहील असं सांगितलं. मी जिंकलो. तुझा प्रत्येक शब्द जागच्या जागी सुखरूप आहे, निश्चिंत राहा. भाचीला आणि जावईबापूंना आशीर्वाद. तुझ्या गुडघ्यांना जपून राहायला सांग.

तुझा,
ठोंब्या

ता. क. तुझी भावजय विचारते आहे, तिकडून येणार असशील तर कधी. ती विचारते आहे, मी नाही.

पुन्हा ता. क. वर "प्रत्येक शब्द सुखरूप" असं लिहिलंय ते थोडं कमी करून वाच. शेवटच्या आठवड्यात बाई म्हणाल्या होत्या की रेघोट्या मारलेली पुस्तकं शिक्का असला तरी काढणार. तीन पुस्तकं घरी होती, ती मी खोडरबराने साफ केली. पुस्तक राहिलं तर सगळं राहिलं, असा माझा हिशेब (मला ठोंब्या उगाच म्हणत नाहीस). दुसऱ्या दिवशी वही उघडून बसलेल्या बाई हळूच म्हणाल्या, "समासातल्या नोंदी मात्र मी ठेवणार आहे हं काका, मी त्यांच्यासाठीच हे कपाट वाचते." मी खिशातलं खोडरबर आणखी आत सरकवलं.

शेवटचा ता. क. हे लिहायचं नव्हतं. त्या तीनांतलं तिसरं, पाहुण्यांचं. त्याच्या शेवटच्या कोऱ्या पानावर तू भरपूर लिहिलं होतंस. मी काच पुसतो तसा खालून वर पुसत गेलो, न वाचता. अगदी वरच्या ओळीला पोचलो तेव्हा नाव दिसलं आणि हात थांबला. तेवढी ओळ राहिली आहे: "ठोंब्या, तू हे पुस्तक कधी उघडशील असं वाटत नाही, पण उघडलंसच तर". पुढे काही नाही. दुकानातली सगळ्यात मोठी भिंगं लावली, पान दिव्याखाली तिरकं धरलं, तुझ्या भावजयीचे तरणे डोळे वापरले (ती माझ्याहून चारच वर्षांनी लहान आहे, पण तिला बरं वाटलं). एक शब्द लागत नाही. ताई, उघडलंच तर काय? फोनवर सांगू नकोस, फोनवर तू "काही नाही रे" म्हणशील. तू ये. येऊन पुन्हा लिही. पान मोकळंच आहे, सात ओळींची जागा मी स्वतः पुसून स्वच्छ करून ठेवली आहे.